मुंबईतला मिश्किन : मणी कौल यांचा ‘इडियट’

फ्योदोर दोस्तोयव्हस्की यांच्या ‘द इडियट’ या कादंबरीवर फ्रान्स, जपान, रशिया, पोलंड अशा अनेक देशांत चित्रपट निघाले, आणि त्याच मालिकेत मुंबईत घडणारा, हिंदी बोलणारा एक चित्रपटही आहे, हे मराठी रसिकांपैकी थोड्यांनाच ठाऊक असते. मणी कौल यांनी तो १९९१ मध्ये दूरदर्शनसाठी चार भागांची मालिका म्हणून केला. मालिकेची लांबी २२३ मिनिटे होती. तिच्यातूनच सुमारे तीन तासांचा चित्रपट सिद्ध झाला आणि ऑक्टोबर १९९२ मध्ये न्यूयॉर्क चित्रपट महोत्सवात दाखवला गेला. ‘इडियट’ आणि ‘अहमक’ अशा दोन्ही नावांनी ओळखल्या जाणाऱ्या या कृतीला १९९३ मध्ये फिल्मफेअरचा समीक्षकांचा सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा पुरस्कार मिळाला, तरी चित्रपटगृहांच्या नेहमीच्या वाटेने ती लोकांपर्यंत पोचली नाही. तिच्याविषयी जे काही बोलले जाते ते बहुधा शाहरुख खानचे सुरुवातीचे काम एवढ्यापुरतेच असते. वास्तविक भारतीय प्रायोगिक चित्रपटाच्या इतिहासात तिचे महत्त्व वेगळ्या कारणासाठी आहे: एका दिग्दर्शकाने वीस वर्षे घडवलेली आपली शैली एका कादंबरीपायी उलटी फिरवली, आणि ती कशी फिरली हे या चित्रपटात उघड्या डोळ्यांनी पाहता येते.

प्रायोगिक चित्रपट म्हणजे दुर्बोध चित्रपट, अशी एक समजूत रूढ आहे. ती बाजूला ठेवून या संज्ञेचा अर्थ आधी स्पष्ट करायला हवा. चित्रपट हे कथा सांगण्याचे साधन आहे असे गृहीत धरून जो चित्रपट केला जातो, त्यात प्रतिमा, ध्वनी, प्रकाश आणि काळ ही सारी कथेच्या सेवेला लावलेली असतात. प्रायोगिक चित्रपटात ही साधनेच तपासली जातात, म्हणजे एखादे दृश्य किती वेळ टिकावे, आवाज चित्राशी जुळलाच पाहिजे का, कॅमेऱ्याने बोलणाऱ्या माणसाकडेच पाहायचे का, असे प्रश्न दिग्दर्शक गृहीतकांवर न सोडता प्रत्येक वेळी नव्याने विचारतो. अशा दिग्दर्शकाने एखादी अभिजात कादंबरी हातात घेतली, तर त्याच्यापुढचा प्रश्न ‘कथा कशी बसवायची’ एवढाच राहत नाही. त्या कादंबरीने भाषेत जे केले, त्याच्या तोडीचे काही चित्रपटाच्या साधनांनी करता येईल का, असा तो प्रश्न होतो.

‘द इडियट’ ही कादंबरी ज्या परिस्थितीत लिहिली गेली, ती परिस्थिती तिच्या घडणीत उतरलेली आहे. १८६७ मध्ये सावकारांचा ससेमिरा चुकवण्यासाठी दोस्तोयव्हस्की आपल्या तरुण पत्नीसह रशियाबाहेर पडले. बाडेन-बाडेनच्या जुगारात होते नव्हते ते गमावून बसले. बासेलच्या संग्रहालयात हान्स होल्बाइनचे मृत ख्रिस्ताचे चित्र पाहून हादरले, आणि जिनिव्हाला येऊन कादंबरीचे खर्डे लिहू लागले. एक अख्खा खर्डा त्यांनी वर्षअखेरीस टाकून दिला आणि सर्वस्वी चांगल्या माणसाचे चित्र रेखाटण्याचा संकल्प धरून नव्याने सुरुवात केली. जानेवारी १८६८ पासून ‘रुस्की वेस्तनिक’ या मासिकातून ती क्रमशः येऊ लागली. त्याच वर्षी जिनिव्हात जन्मलेली त्यांची पहिली मुलगी तीन महिन्यांची होऊन दगावली, आणि उरलेली कादंबरी वेव्हे, मिलान, फ्लोरेन्स अशी गावे बदलत, अपस्माराचे झटके सोसत, हप्त्यांची तारीख सांभाळत पुरी झाली. पत्नी आना ग्रिगोर्येव्हना लघुलेखिका असल्याने बराचसा मजकूर तोंडी सांगितलेला आहे, आणि बोलण्याची ती धाप, ते मध्येच वळणे, एकाच वाक्यात दोनदा मत बदलणे पानापानांत जाणवते.

कथेचा सांगाडा मोजक्या शब्दांत सांगता येतो. स्वित्झर्लंडमध्ये अपस्मारावर उपचार घेऊन परतणारा प्रिन्स मिश्किन हा निष्कपट तरुण रेल्वेच्या डब्यात रोगोझिनला भेटतो. रोगोझिन हा नुकताच वडिलांच्या अफाट संपत्तीचा वारस झालेला, नस्तास्या फिलिपोव्हना या स्त्रीसाठी वेडा झालेला व्यापारीपुत्र आहे. नस्तास्या लहानपणी अनाथ झाली, तिच्या श्रीमंत पालनकर्त्यानेच तिला भोगले, आणि आता तिला पैसे देऊन कुणाच्या तरी गळ्यात बांधण्याचा बेत चालू आहे. मिश्किनला तिची दया येते, सेनापतीची मुलगी अग्लाया हिच्यावर त्याचे प्रेम बसते, आणि दया व प्रेम यांच्या ओढाताणीत सगळ्यांचाच नाश होतो. शेवटी रोगोझिन नस्तास्याचा खून करतो, आणि तिच्या मृतदेहाशेजारी तो आणि मिश्किन रात्र काढतात. परंतु सांगाड्यात न मावणारी गोष्ट ही, की या कादंबरीचा जवळजवळ एक चतुर्थांश भाग एकाच दिवसात घडतो. सकाळच्या गाडीपासून रात्रीच्या मेजवानीपर्यंत माणसे घरांत शिरतात, बोलतात, भांडतात, थपडा मारतात, माफी मागतात. त्या रात्री रोगोझिन शेअर बाजाराच्या वर्तमानपत्रात गुंडाळलेले एक लाख रुबल घेऊन येतो, आणि नस्तास्या ते पुडके पेटत्या शेकोटीत फेकून, ज्याला तिच्याशी पैशासाठी लग्न करायचे होते त्या गान्याला सांगते, की उघड्या हातांनी काढ आणि सगळे तुझे. गान्या जागचा हलत नाही, दाराकडे वळतो आणि मूर्च्छित पडतो. मग तीच चिमट्याने पुडके बाहेर काढते आणि त्याच्याशेजारी ठेवून रोगोझिनबरोबर निघून जाते.

हा प्रसंग चित्रपटासाठी आयता आहे असे कुणालाही वाटेल, आणि नेमकी तिथेच अडचण आहे. आग, पैसे, सुंदर स्त्री, मूर्च्छा ही सामग्री कोणताही बरा दिग्दर्शक रंगवू शकतो. पण कादंबरीत त्या वेळी खोलीत पंधरावीस माणसे आहेत, त्यांतली प्रत्येक व्यक्ती काहीतरी कुजबुजते, विनवते, हिशेब करते, आणि वाचकाचे लक्ष त्या सगळ्यांमध्ये विखुरलेले राहते. रशियन समीक्षक मिखाईल बाख्तिन यांनी १९२९ मधील आपल्या ग्रंथात दोस्तोयव्हस्कींच्या या गुणाला संगीतातून घेतलेली एक संज्ञा दिली, ती म्हणजे बहुस्वरता. बहुस्वर रचनेत अनेक स्वररेषा एकाच वेळी चालतात आणि त्यांतली एकही दुसरीची साथ म्हणून नसते. त्याचप्रमाणे या कादंबऱ्यांत पात्रांचे आवाज लेखकाच्या मताखाली दबत नाहीत, ते परस्परांशी आणि लेखकाशीही बरोबरीने वाद घालतात. कॅमेरा मात्र स्वभावतःच एका जागेवरून, एका भिंगातून पाहतो. तो ज्याच्यावर रोखला जातो तो मुख्य ठरतो आणि बाकीचे पार्श्वभूमीला जातात. बहुस्वर कादंबरीचे चित्रपटात रूपांतर करणे म्हणून केवळ पटकथेच्या कौशल्याचे काम राहत नाही, ते पाहण्याच्या पद्धतीचेच काम होते.

परदेशी अभिजात कृती आपल्या मातीत आणण्याची महाराष्ट्राची स्वतःची एक जुनी रीत आहे, आणि मणी कौल यांनी तिच्यापेक्षा किती वेगळी वाट धरली हे समजण्यासाठी तिच्याकडे वळून पाहणे उपयोगाचे ठरते. नीरा ओलांडून शिरवळला साताऱ्याच्या हद्दीत शिरल्यापासून खाली सांगलीपर्यंतच्या पट्ट्याने ही रीत घडवणारी दोन मोठी माणसे दिली: कऱ्हाडजवळच्या टेंभूचे गोपाळ गणेश आगरकर, ज्यांनी ‘हॅम्लेट’वरून १८८३ मध्ये ‘विकारविलसित’ लिहिले, आणि सांगलीजवळच्या हरिपूरचे गोविंद बल्लाळ देवल, ज्यांनी ‘ऑथेल्लो’वरून १८९० मध्ये ‘झुंझारराव’ रंगभूमीवर आणले. देवलांच्या हातात ऑथेल्लो झुंझारराव होतो, डेस्डेमोना कमळजा होते, आणि नाटक पाहणाऱ्याला मुळाची आठवणही होऊ नये इतके सगळे इथले होऊन जाते. सांधा दिसू न देणे ही त्या कलेची कसोटी होती, आणि तिच्यात देवल अव्वल ठरले यात शंका नाही. रशियाशी या मुलखाचे नाते जडले ते पुढे, वाळवा तालुक्यातल्या वाटेगावच्या अण्णा भाऊ साठे यांच्यामुळे. १९६१ मध्ये ते रशियाला जाऊन आले आणि त्या प्रवासाचे पुस्तक मराठीत राहिले.

मणी कौल यांनी सांधा लपवला नाही. मिश्किन त्यांच्याकडे प्रिन्स मिस्किन झाला, रोगोझिन पवन रघुजन झाला, अग्लाया अंबा मेहता झाली. पण नस्तास्या नस्तासियाच राहिली. मुंबईच्या दिवाणखान्यांत, मेहतांच्या आणि रघुजनांच्या गर्दीत ते रशियन नाव तसेच उच्चारले जाते, आणि प्रेक्षकाला क्षणभरही विसरू देत नाही की ही माणसे दुसऱ्या देशातल्या, दुसऱ्या शतकातल्या एका पुस्तकातून आलेली आहेत. हे निष्काळजीपणाने झाले असे म्हणता येणार नाही. जी स्त्री कोणत्याच घरात, कोणत्याच नात्यात बसत नाही, तिचे नावही त्या शहरात न बसणारे ठेवणे ही रूपांतराची एक अत्यंत समंजस निवड आहे, आणि देवलांच्या पद्धतीत तिला जागाच नव्हती.

या निवडीमागचा माणूस घडला तो पुण्यात. १९४४ मध्ये जोधपूरला जन्मलेले मणी कौल पुण्याच्या चित्रपट संस्थेतून १९६६ मध्ये शिक्षण पुरे करून बाहेर पडले. कोल्हापुरातून १९३३ मध्ये पुण्याला आलेल्या प्रभात फिल्म कंपनीच्या आवारातच ही संस्था १९६० मध्ये सुरू झाली होती, आणि ऋत्विक घटक तिथे शिकवत होते. घटकांइतकाच, किंबहुना त्यांच्याहून अधिक खोल ठसा कौल यांच्यावर उमटला तो फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ यांचा. ब्रेसाँ नटांना अभिनय करू देत नसत. वाक्य भावनाशून्य स्वरात पुन्हापुन्हा म्हणवून घेऊन त्यातला नाटकीपणा झडून गेला की मगच ते चित्रित करत, आणि त्यांच्या मते चित्रपट हा नाटकाचा भाऊ नसून प्रतिमा व ध्वनी यांच्या परस्परसंबंधांतून लिहिलेले स्वतंत्र लेखन होते. याच ब्रेसाँ यांनी दोस्तोयव्हस्कींच्या एका छोट्या कथेवरून १९६९ मध्ये ‘यून फाम दूस’ हा चित्रपट केला, तेव्हा त्यांच्या सहायकांत पुण्याच्याच संस्थेचे कुमार शहानी होते. पुण्याच्या संस्थेतून बाहेर पडलेल्या पिढीपर्यंत दोस्तोयव्हस्की अशा रीतीने पॅरिसमार्गेही येऊन पोचले होते.

कौल यांचा पहिला चित्रपट ‘उसकी रोटी’ १९६९ चा. मोहन राकेश यांच्या कथेवरच्या या चित्रपटात बसचालक नवऱ्यासाठी भाकरी घेऊन रस्त्यावर थांबलेली बालो एवढीच गोष्ट आहे. छायाचित्रकार के. के. महाजन यांच्या साहाय्याने कौल यांनी त्यात मुख्यतः दोनच भिंगे वापरली: २८ मिलिमीटरचे, ज्यात जवळचे व दूरचे सगळे स्पष्ट दिसते, आणि १३५ मिलिमीटरचे, ज्यात एक पातळ पट्टी सोडून बाकीचे धूसर होते. सुरुवातीला पहिले भिंग प्रत्यक्षासाठी आणि दुसरे बालोच्या मनातल्या गोष्टींसाठी आहे असे वाटते. मग हळूहळू त्यांची अदलाबदल होते आणि कोणते खरे, कोणते कल्पिलेले, हे ठरवण्याचा आधार प्रेक्षकाच्या हातून सुटतो. ‘आषाढ का एक दिन’, विजयदान देथा यांच्या कथेवरचा ‘दुविधा’, मुक्तिबोधांच्या लेखनावरचा ‘सतह से उठता आदमी’ हे पुढचे चित्रपटही असेच विरळ होते: थोडी माणसे, थोडे शब्द, संथ हालचाल आणि पुष्कळ मोकळी जागा.

मराठी रसिकांना कौल यांची ओळख असते ती ‘घाशीराम कोतवाल’मुळे. विजय तेंडुलकरांच्या नाटकावरचा हा १९७६ चा मराठी चित्रपट पुण्याच्या संस्थेतून बाहेर पडलेल्या तरुणांच्या युक्त या सहकारी संस्थेने बँकेच्या कर्जावर काढला. कौल यांच्यासह के. हरिहरन, कमल स्वरूप आणि सईद मिर्झा यांची नावे त्याच्याशी जोडलेली आहेत, आणि नाना फडणविसांच्या भूमिकेत मोहन आगाशे तर घाशीरामच्या भूमिकेत ओम पुरी आहेत. रंगमंचावरचा प्रसिद्ध प्रयोग तसाच चित्रित करण्याचा सोपा मार्ग त्यांनी घेतला नाही. समूह, गर्दी आणि सत्तेचा खेळ एकाच अखंड दृश्यात कसा धरता येईल, हा प्रश्न कौल यांच्यासमोर प्रथम उभा राहिला तो याच चित्रपटात, आणि त्यातले एक दृश्य कॅमेऱ्यातले दहा मिनिटांचे रीळ संपेपर्यंत न तोडता घेतलेले आहे. पंधरा वर्षांनी ‘इडियट’मध्ये जी गर्दी आली, तिची पहिली चाहूल या मराठी चित्रपटात लागते, असे म्हणायला पुरेसा आधार आहे.

मधल्या काळात कौल ध्रुपदाकडे वळले, आणि ही गोष्ट त्यांच्या चित्रपटांसाठी ब्रेसाँ यांच्याइतकीच निर्णायक ठरली. रुद्रवीणेचे थोर वादक उस्ताद झिया मोहिउद्दीन डागर यांच्याकडे ते शिकले. मुंबईच्या चेंबूरमध्ये राहिलेल्या या उस्तादांनी पनवेलजवळ पळस्पे येथे आपले गुरुकुल उभारले होते. १९८२ मध्ये कौल यांनी ‘ध्रुपद’ हा माहितीपटही केला. ध्रुपदाच्या आलापात शब्द नसतात, सुरुवातीला तालही नसतो; गायक एकेक स्वर घेऊन त्याच्या आसपासच्या सूक्ष्म जागांतून फिरतो, त्याच्यापर्यंत येतो, त्याला ओझरता स्पर्श करून मागे सरतो, आणि स्वर हा एक ठरीव बिंदू नसून एक प्रदेश आहे याचा प्रत्यय ऐकणाऱ्याला येतो. कौल यांनी यातून चित्रपटासाठी जो विचार काढला, तो १९९१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या त्यांच्या एका निबंधात विस्ताराने आला आहे. पंधराव्या शतकातल्या युरोपीय चित्रकारांनी यथार्थदर्शनाची पद्धत रूढ केली, म्हणजे चित्रातल्या सगळ्या रेषा दूरच्या एका बिंदूकडे मिळत जातात आणि पाहणाऱ्याची जागा निश्चित होते. कॅमेऱ्याचे भिंग हीच पद्धत यंत्रात बसवून तयार झाले. तिच्यामुळे जगाची मध्य आणि कड, महत्त्वाचे आणि बिनमहत्त्वाचे अशी विभागणी आपोआप होते, अशी कौल यांची तक्रार होती, आणि दृश्याला मध्यबिंदू नाकारून ते काळाच्या ओघात उलगडू द्यावे, आलापातल्या स्वरासारखे, हा त्यांचा प्रयत्न होता.

या तयारीनिशी ते दोस्तोयव्हस्कींकडे आले, आणि आले तेही दोन पायऱ्यांनी. १९९० च्या सुमारास त्यांनी ‘नजर’ केला, ज्याचा आधार ब्रेसाँ यांनी घेतलेलीच ती छोटी कथा होती: पत्नीने आत्महत्या केल्यावर तिच्या देहाजवळ येरझाऱ्या घालत स्वतःशी बोलणारा एक गहाणवटदार. कौल यांनी तिला मुंबईच्या उंच इमारतीतल्या सदनिकेत आणले. नवऱ्याच्या भूमिकेत शेखर कपूर आणि पत्नीच्या भूमिकेत कौल यांची कन्या शांभवी आहेत. इथे मौन आहे, भिंती आहेत, नजरा आहेत; कौल यांच्या आधीच्या विरळ शैलीचा हा शेवटचा आणि बहुधा सर्वांत निर्मळ आविष्कार. त्याच्या लगोलग आलेला ‘इडियट’ पाहणाऱ्याला वाटावे की हा दुसऱ्याच कुणाचा चित्रपट आहे. माणसे अखंड बोलतात, भराभर बोलतात, एकमेकांचे बोलणे तोडून बोलतात. बोलताना उभी राहत नाहीत, चालतात, वळतात, दारांतून आत येतात आणि जातात. आणि छायाचित्रकार पीयूष शाह यांचा कॅमेरा त्यांच्याबरोबर अस्वस्थपणे फिरत राहतो. आपण वर्षानुवर्षे विरळ रचनांत रमलो होतो, या चित्रपटात मात्र घटनांच्या दाटीत उडी घेतली, अशा आशयाचे उद्गार खुद्द कौल यांनी काढले होते.

या उलथापालथीमागे तर्क होता. मध्यबिंदू नाकारण्याचे दोन मार्ग संभवतात: एक, चौकटीतले जवळजवळ सगळे काढून टाकायचे, म्हणजे कशाला मध्य म्हणावे हा प्रश्नच उरत नाही, दुसरा, चौकटीत इतके भरायचे की कोणतीच एक गोष्ट मध्यभागी टिकू नये. वीस वर्षे कौल पहिल्या मार्गाने चालले. ‘द इडियट’ त्या मार्गाने करता आली नसती, कारण या कादंबरीतली माणसे विरळ केली की कादंबरीच नाहीशी होते आणि एका साध्याभोळ्या संताची गोष्ट मागे राहते. म्हणून त्यांनी दुसरा मार्ग घेतला, आणि त्यामुळे बाख्तिन ज्याला बहुस्वरता म्हणतात ती चित्रपटात प्रत्यक्ष अनुभवाला येते: कोणत्या पात्राकडे लक्ष द्यावे हे कॅमेरा ठरवून देत नाही, बोलणाऱ्याचे वाक्य संपण्याआधीच दुसरा कुणी दृश्याचा ताबा घेतो, आणि मिस्किन या सगळ्यांत एक ऐकणारा म्हणून वावरत राहतो. हे पाहताना दम लागतो, आणि पहिल्या तासात पुष्कळांची पात्रांची नावेही लक्षात राहत नाहीत, हे मान्य केले पाहिजे. कादंबरीच्या पहिल्या शंभर पानांत वाचकाची अवस्था याहून वेगळी नसते.

रूपांतराच्या इतर वाटा शेजारी ठेवल्या तर हे अधिक स्पष्ट होते. अकिरा कुरोसावा यांनी १९५१ मध्ये ही कादंबरी बर्फाच्छादित होक्काइदोत नेली. त्यांचा नायक महायुद्धानंतर मरणाच्या दारातून परतलेला कामेदा आहे, रोगोझिनच्या जागी तोशिरो मिफुने आहेत, आणि साडेचार तासांच्या आसपास असलेला हा चित्रपट निर्मितीसंस्थेने कापून १६६ मिनिटांवर आणला. कुरोसावा यांची पद्धत चेहऱ्यांची आहे: गर्दी बाजूला सारून ते दोन चेहरे समोरासमोर ठेवतात आणि थांबतात. पोलंडचे आंद्रे वायदा यांनी १९९४ च्या ‘नास्तास्या’मध्ये कादंबरीची अखेरची रात्र तेवढीच घेतली, आणि जपानी काबुकी रंगभूमीवर स्त्रीभूमिका करणारे बांदो तामासाबुरो यांच्याकडून मिश्किन आणि नस्तास्या या दोन्ही भूमिका करून घेतल्या. दोघांनीही कादंबरी गाळून घेतली आणि गाळलेल्यातून काही अपूर्व निर्माण केले. कौल यांनी गाळण्याचे नाकारले. त्यांचे धाडस त्या नकारात आहे, आणि चार भागांच्या मालिकेचा ऐसपैस अवकाश मिळाल्यामुळेच ते शक्य झाले.

तो अवकाश दूरदर्शनने दिला, याची नोंद आवर्जून घ्यायला हवी. ऐंशीच्या दशकाच्या उत्तरार्धात ‘तमस’, ‘भारत एक खोज’ यांसारख्या कृती याच सरकारी वाहिनीवरून घराघरांत गेल्या होत्या, आणि साहित्यावर आधारित गंभीर मालिकेला पैसा आणि वेळ देणारी ती देशातली एकमेव जागा होती. १९९१ नंतर उपग्रह वाहिन्या आल्या, जाहिरातीचा हिशेब बदलला आणि तशा निर्मितीला घरघर लागली. ‘इडियट’ त्या उंबरठ्यावरची कृती आहे.

आर्थिक उंबरठ्याचीही ती आहे, आणि कादंबरीशी तिचे नाते इथे सर्वांत घट्ट होते. रशियात भूदासांची मुक्तता १८६१ मध्ये झाली. सात वर्षांनी ही कादंबरी आली तेव्हा जुने सरदार कर्जात बुडत होते, रोगोझिनसारख्या व्यापाऱ्यांच्या हाती रोकड खेळत होती, आणि माणसाची किंमत रुबलांत सांगण्याची सवय समाजाला लागत होती. भारतात संस्थानिकांचे तनखे १९७१ मध्ये बंद झाले, आणि वीस वर्षांनी, जुलै १९९१ मध्ये, अर्थव्यवस्था खुली करण्याची पावले पडली. बिनसंस्थानाचा प्रिन्स लंडनहून उपचार घेऊन मुंबईत उतरतो आणि पडक्या वैभवाला चिकटून बसलेल्या, इतिहासाने मागे टाकलेल्या धनिकांच्या घरांत वावरतो, ही कौल यांची मांडणी म्हणूनच बाहेरून चिकटवलेली वाटत नाही. मुंबई इथे समुद्राच्या आणि लोकलच्या ओळखीच्या दृश्यांनी येत नाही. ती येते खोल्यांमधून, जिथे प्रत्येकाला कुणाचे तरी देणे आहे आणि प्रत्येकजण लग्नाची बोलणी व्यवहारासारखी करतो.

नटांच्या निवडीतही हा विचार दिसतो. मिस्किनची भूमिका करणारे अयूब खान-दीन इंग्लंडमध्ये वाढलेले नट होते, पुढे ‘ईस्ट इज ईस्ट’ या नाटकाचे लेखक म्हणून ते गाजले. त्यांचा या शहराशी असलेला उपरेपणा अभिनयाने आणावा लागला नाही. मीता वशिष्ठ यांची नस्तासिया सौंदर्याने भुलवणारी कमी आणि अपमान गिळून धारदार झालेली अधिक आहे, आणि या चित्रपटातले सर्वांत मोठे काम निःसंशय त्यांचेच आहे. रघुजनच्या भूमिकेतला शाहरुख खान तेव्हा ‘फौजी’ आणि ‘सर्कस’ या मालिकांमुळे माहीत झालेला, पण चित्रपटगृहांत अजून न पोचलेला तरुण होता. ‘दीवाना’ प्रदर्शित झाला तो जून १९९२ मध्ये, आणि ज्या फिल्मफेअर समारंभात ‘इडियट’ला समीक्षकांचा पुरस्कार मिळाला त्याच समारंभात ‘दीवाना’साठी त्याला पदार्पणाचा पुरस्कार मिळाला. १९९३ मध्ये ‘बाजीगर’ आणि ‘डर’ या चित्रपटांत जो झपाटलेला, प्रेमाने हिंसक झालेला नायक त्याने लोकप्रिय केला, त्याचे पहिले रूप रघुजनमध्ये दिसते. फरक असा, की त्या चित्रपटांत कॅमेरा त्याच्या वेडाच्या आहारी जातो, आणि इथे तो वेडाकडे गर्दीतल्या आणखी एका आवाजाइतकेच लक्ष देतो.

‘इडियट’नंतर कौल काही वर्षे नेदरलँड्समध्ये राहिले, आणि २०११ मध्ये त्यांचे निधन झाले, त्यापूर्वी १९९९ मध्ये त्यांनी विनोदकुमार शुक्ल यांच्या कादंबरीवर ‘नौकर की कमीज’ केला. त्या चित्रपटात त्यांनी छायाचित्रकार के. यू. मोहनन यांना दृश्य घेताना कॅमेऱ्याच्या दर्शकातून पाहण्यास मनाई केली. चौकट आधी ठरवायची नाही, हाताने आणि कानाने कॅमेरा न्यायचा, आणि चौकटीत काय सापडले ते नंतर पाहायचे, अशी ती पद्धत होती. मध्यबिंदू असणारी चौकट मोडण्यासाठी ‘उसकी रोटी’त त्यांनी दोन भिंगांची अदलाबदल केली होती, ‘इडियट’मध्ये चौकट माणसांनी काठोकाठ भरली होती, आणि आता चौकट आखणारा डोळाच त्यांनी कॅमेऱ्यापासून दूर केला.